प्रसूती वॉर्डातली डॉक्युमेंटरी – गरोदर बहिणीला दाखवू की नको?

सायली_रे
नमस्कार मंडळी. बरेच दिवस नुसती वाचत होते, आज धागा काढायचं कारण माझी धाकटी बहीण. आठवा संपत आलाय, नाशिकला आईकडे आलीये आणि रात्र रात्र झोपत नाहीये. पहिलटकरीण नाही, दुसरी खेप आहे, आणि भीती सगळी पहिल्या वेळची आहे.

पहिल्या वेळी तिला एका खासगी हॉस्पिटलात सकाळी सहाला आत घेतलं आणि दार लावलं. आई बाहेर बाकड्यावर, हातात थर्मास आणि जुन्या मऊ लुगड्याचे धुतलेले तुकडे, जावई जिन्यात उभा. संध्याकाळी पाचला बाळ झालं. म्हणजे अकरा तास ती आत एकटी. मधूनमधून कोणीतरी येऊन आतून तपासून जायचं, कोण ते सांगायचं नाही, गर्भाशयाचं तोंड किती उघडलंय तेही सांगायचं नाही. ड्रिपमध्ये कळा वाढवायचं औषध सोडलंय हे तिला शेजारच्या टेबलावरच्या बाईकडून कळलं. ती जोरात ओरडली तेव्हा तिथल्या एकीने जे वाक्य ऐकवलं ते इथे लिहवत नाही, आपल्यातल्या बऱ्याच जणींनी ऐकलेलं असेल, 'तेव्हा बरं वाटलं होतं ना' याच्या आसपासचं. नॉर्मल झाली, बाळ-बाळंतीण सुखरूप, दुसऱ्या दिवशी पेढे वाटले, त्यामुळे तक्रार करायला कुणाला जागाच उरली नाही. मला तिने हे सगळं गेल्या महिन्यात सांगितलं, पाच वर्षांनी.

आता डॉक्युमेंटरीबद्दल. मी २००९ पासून इंग्लंडात साउदॅम्प्टनजवळ राहते. फेब्रुवारी २०१० मध्ये चॅनल फोरवर 'वन बॉर्न एव्हरी मिनिट' ही प्रसूती वॉर्डातल्या खऱ्या बाळंतपणांची मालिका सुरू झाली तेव्हा ऑफिसात सगळ्या बायका तिच्याबद्दलच बोलायच्या, कारण ती आमच्याच गावच्या प्रिन्सेस अ‍ॅन हॉस्पिटलात शूट झाली होती. पुढचे सीझन लीड्स, ब्रिस्टल, लिव्हरपूल, बर्मिंगहॅम असे फिरले. एका भागात दोन-तीन जोडपी असतात आणि वॉर्डातला स्टाफ, बस. निवेदन अगदी जेवढ्यास तेवढं, नाट्यरूपांतर वगैरे काही नाही.

मी पहिला भाग बघितला तेव्हा लग्नाला दीड वर्ष झालं होतं आणि बाळंतपण म्हणजे मला फक्त हिंदी सिनेमातलं माहीत होतं, गरम पाणी आणा, दाराबाहेर येरझाऱ्या, मग टाहो. इथे मी पहिल्यांदा बघितलं की बाई खोलीत चालतेय, मोठ्या चेंडूवर बसून कंबर हलवतेय, टबातल्या कोमट पाण्यात बसलीये, पलंगाला टेकून गुडघ्यांवर आहे. आणि मुख्य म्हणजे तिच्याजवळ माणूस आहे. नवरा, आई, बहीण, मैत्रीण, कोणीतरी आहेच. आणि मिडवाइफ (बाळंतपण करणारी प्रशिक्षित बाई) हात लावायच्या आधी सांगते, मी आता तपासणार आहे, चालेल का, नको वाटलं तर थांबते. मला आठवतंय, मी सोफ्यावर बसून रडले होते आणि नवऱ्याला कळेना काय झालं.

२०१४ ला माझी लेक झाली तेव्हा माझं अगदी तसंच झालं, नवरा चौदा तास शेजारी होता. म्हणून वाटतं बहिणीला दाखवावं, म्हणजे तिला कळेल की तिच्याशी जे झालं ते 'असंच असतं' नव्हतं. पण भीतीही वाटते. आठव्या महिन्यात कुणाचं तरी किंचाळणं, धावपळ, इमर्जन्सी सिझर बघून ती अजून घाबरली तर? आणि हे बघून नाशिकला तिला मिळणार तर नाहीच, मग दाखवून उपयोग काय? ज्यांनी बघितलीये त्यांनी प्लीज सांगा.

मुसाफिर_ब्रिस्टल
दाखवा. मी पुरुष आहे, चालेल ना इथे लिहिलेलं? ही मालिका खरं तर नवऱ्यांनीच बघावी असं माझं ठाम मत आहे. आम्ही २०१३ मध्ये बघायचो, बायको सहा महिन्यांची होती. मी नवऱ्यांकडेच बघत बसायचो. काही जण बिचारे कोपऱ्यातल्या खुर्चीत फोन धरून बसलेले, काय करावं कळत नाही म्हणून. आणि काही जण काहीच विशेष करत नाहीत पण हललेले नाहीत, कळ आली की तिच्या तोंडासमोर तोंड आणून सावकाश श्वास घेतायत आणि ती त्यांच्याबरोबर घेतेय. ते बघून मी मिडवाइफला विचारून ठेवलं मी काय करू म्हणून. तिने दाखवलं, माकडहाडाच्या जरा वर तळहाताच्या टाचेने दाबून धरायचं, चोळायचं नाही, दाबून धरायचं, कळ उतरली की सोडायचं. पहाटे दोनपासून सकाळी नऊपर्यंत मी तेवढंच केलं. हाताला दोन दिवस कळ होती पण बायको आजही सांगते की त्या दाबण्यावर तिने रात्र काढली, त्या तोंडात धरायच्या गॅसपेक्षा जास्त. (गॅस म्हणजे एंटोनॉक्स, अर्धा नायट्रस ऑक्साइड अर्धा ऑक्सिजन, बाई स्वतःच्या हाताने नळी धरून ओढते, इथे सर्रास देतात.)

एक अवांतर. आमचं आधी एक गेलं होतं पाचव्या महिन्यात, म्हणून या वेळी गर्भाशयाच्या तोंडाला टाका घालायचं ठरलं. तो इंग्लिश कन्सल्टंट म्हणतो, आपण शिरोडकर घालू या. मी म्हटलं काय? शिरोडकर?! परक्या देशात, त्या खोलीत, आमची दोघांची पाचावर धारण बसलेली असताना ते आडनाव ऐकून जे वाटलं ते मला नीट सांगता येणार नाही.

स्त्रीरोगवाली
मुसाफिर, तुमचं वाचून डोळे भरले. डॉ. वि. ना. शिरोडकर, गोव्यातल्या शिरोड्याचे, मुंबईत काम केलं, १९५५ मध्ये त्यांनी तो टाका मांडला आणि आज जगभर त्यांच्या नावाने घालतात.

सायली, मी सांगलीत प्रॅक्टिस करते, २२ वर्षं झाली. मालिकेचे बरेच भाग यूट्यूबवर बघितलेत. दाखवा, पण एकटीला लिंक पाठवून देऊ नका, बरोबर बसून दाखवा आणि आधी काही गोष्टी सांगा.

सगळ्यात मोठं म्हणजे वेळ. बारा-चौदा तासांचं पंधरा मिनिटांत बसवलेलं असतं. त्यामुळे बघणारीला वाटतं कळ आली, ओरडली, झालं. खऱ्या लेबरचा बराचसा भाग म्हणजे वाट बघणं. पूर्वी आम्हाला शिकवायचे की तासाला एक सेंटिमीटर उघडलं पाहिजे, नाही तर काहीतरी करा. २०१८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेनेच सांगितलं की हा नियम सगळ्यांना लावू नका, पाच सेंटिमीटरच्या आधी बऱ्याच जणींचं हळूच चालतं आणि बाळ-बाई ठीक असतील तर थांबा. हे तुमच्या बहिणीला माहीत असेल तर 'माझंच काहीतरी चुकतंय' असं वाटणार नाही.

दुसरं, तिथे साधी प्रसूती मिडवाइफ करते, डॉक्टर अडचण आली तरच खोलीत येतो. ती आपल्याकडची नर्स नव्हे, तिचं शिक्षण वेगळं, नोंदणी वेगळी, जबाबदारी तिची स्वतःची. आपल्याकडे २०१८ मध्ये केंद्राने असा वर्ग तयार करायची मार्गदर्शक तत्त्वं काढली, नर्सेसना दीड वर्षाचं जादा प्रशिक्षण. हैदराबादच्या फर्नांडिस हॉस्पिटलने तर २०११ पासूनच सुरू केलंय. पण आपल्या तालुक्याच्या गावात अजून ते दिसत नाही.

आणि सोबतीबद्दल, 'मिळणार तर नाहीच' असं गृहीत धरू नका!! केंद्र सरकारने २०१६ मध्येच सरकारी दवाखान्यात प्रसूतीच्या वेळी बाईबरोबर एक सोबतीण असू द्या असं सांगितलंय, लेबर रूम सुधारण्याच्या २०१७ च्या 'लक्ष्य' कार्यक्रमातही ते आहे. म्हणजे सोबत मागणं हे काही परदेशी फॅड नाही. खासगीत डॉक्टरवर असतं. आमच्यातले बरेच जण नाही म्हणतात कारण एका खोलीत तीन टेबलं, मध्ये पडदा नाही, दुसऱ्या बाईची लाज राखायची कशी. अडचण खरी आहे. पण पडद्याला किती पैसे लागतात? मी २०१६ नंतर पडदे लावले आणि आईला किंवा सासूला आत घ्यायला लागले, नवऱ्यालाही, तिची इच्छा असेल तर. मला भीती होती नातेवाईक गोंधळ घालतील, उठसूट सिझर करा म्हणतील. झालं उलट. बाई शांत राहते, आणि बाहेर बसून घाबरणारा माणूस आत आला की त्याला दिसतं आम्ही काय करतोय ते.

तुमच्या बहिणीला जे वाक्य ऐकवलं गेलं, तसं वाक्य मी शिकाऊ असताना माझ्यासमोर रोज बोललं जायचं. मी कधी बोलले नाही पण कधी अडवलंही नाही, आणि त्याचा मला आजही त्रास होतो.

अभिजित_पी
थोडं विरुद्ध मत मांडतो, राग नसावा. बाईच्या आयुष्यातला सगळ्यात खाजगी क्षण आणि भिंतीत कॅमेरे? कळा देणारी बाई 'हो चालेल' म्हणाली तर ती खरी संमती धरायची का? आणि ज्या बाळाचा जन्म लाखो लोकांनी बघितला त्याला कोणी विचारलं? ते मूल उद्या शाळेत जाणार आहे.

एडिटटेबल
अभिजित, प्रश्न अगदी बरोबर आहे आणि आमच्या धंद्यात तो विचारला जातो. मी मुंबईत नॉनफिक्शन एडिट करते म्हणून जरा लिहिते. या पद्धतीला फिक्स्ड रिग म्हणतात. पहिल्या सीझनला जवळजवळ ४० कॅमेरे बसवले होते, खोल्यांत, कॉरिडॉरमध्ये, रिसेप्शनच्या टेबलावर. खोलीत कॅमेरामन नाही, बूम (लांब दांडीचा माइक) धरलेला माणूस नाही. सगळे दुसरीकडे एका कंट्रोल रूममध्ये बसून रिमोटने कॅमेरा फिरवतात. पाच माणसांचं युनिट खोलीत शिरलं की माणसं आपोआप 'बरी' वागतात, भिंतीतल्या कॅमेऱ्याला दोन तासांत विसरतात. म्हणूनच रिसेप्शनवरचे ते सीन एवढे खरे वाटतात, फोन वाजतोय, मिडवाइफ टोस्ट खातेय, आणि तेवढ्यात कोणीतरी सांगतं पाच नंबरचे ठोके कमी होतायत आणि टोस्ट तसाच राहतो. मला त्या मालिकेतलं सगळ्यात जास्त तेच आवडतं. तिला २०१० चा बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचा मोठा टीव्ही पुरस्कार, मिळाला तो उगाच नाही.

पण कॅमेऱ्याला विसरणं हीच अडचणही आहे, कारण विसरलेला माणूस संमती देत नसतो. म्हणून अशा कामात संमती आधी, गरोदरपणात, शांत डोक्याने घ्यायची, आणि नंतर बाळ घरी गेल्यावर पुन्हा विचारायचं, कधीही नाही म्हणायची मुभा ठेवून. कळांच्या मधे फॉर्म पुढे करणं हे मी तरी संमती धरणार नाही. बाळाच्या बाबतीत मात्र माझ्याकडे उत्तर नाही, तो तुमचा मुद्दा मला मान्य आहे.

आणि एडिटबद्दल डॉक्टरांनी म्हटलं त्यात भर. ज्या बाईला रात्रभर काहीच झालं नाही आणि सकाळी शांतपणे बाळ झालं तिचं एडिट करायला फार अवघड जातं, त्यामुळे ती बहुतेक वेळा पडद्यावर येतच नाही. धावपळ येते. ब्रिटनमधल्या मिडवाइफ मंडळींची आणि अभ्यासकांची टीव्हीवरच्या बाळंतपणाबद्दल हीच तक्रार आहे, की सतत धोका दिसत राहिला तर बाई घरातूनच घाबरून निघते. तेव्हा सायली, भाग आधी तू बघ, मग निवड.

कुसुम_आजी
माझं वय ७१, नात टाइप करून देतेय. माझा थोरला १९७७ चा, चिपळूणजवळच्या आमच्या गावात घरीच झाला. सुईण होती, माझी आई होती, मोठी जाऊ होती. अंधारी खोली, खाली गोधडी, वरून आढ्याला दोर बांधलेला, तो धरून उकिडवं बसायचं. तुम्ही त्या इंग्लंडच्या बायका गुडघ्यांवर बसतात म्हणून लिहिलंय ते वाचून मला ते आठवलं. दुखलं फार, पण तीन बायका धरून होत्या आणि सुईण सारखी बोलत होती, आलं हं, केस दिसले हं.

मात्र खरं तेही सांगते. वार लवकर पडेना, रक्त फार गेलं, बैलगाडीतून दवाखान्यात नेलं, मी वाचले. आमच्या आळीतली दुसरी एक त्याच वर्षी वाचली नाही. म्हणून धाकटीच्या वेळी मी स्वतः म्हटलं दवाखान्यातच जायचं. तिथे जीवाची काळजी नव्हती पण धरायला कोणी नव्हतं. टेबलाची लोखंडी दांडी धरली होती, थंडगार, ते अजून हाताला आठवतं. दोन्ही एका ठिकाणी मिळालं असतं तर.

स्त्रीरोगवाली
आजी, नमस्कार करते तुम्हाला. हेच ते. २०१९-२१ च्या कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात देशातल्या ८८.६ टक्के प्रसूती दवाखान्यात झाल्या. जीव वाचवायला ते लागतंच, त्यात वाद नाही. पण त्याच सर्वेक्षणात सिझरचं प्रमाण सरकारीत १४.३ आणि खासगीत ४७.४ टक्के आहे. कारणं खूप आहेत, उशिरा येणाऱ्या अवघड केसेस आहेत, कोर्टाची भीती आहे, पैसाही आहे, नाही म्हणून चालणार नाही. पण एक कारण मी रोज ऐकते, बाई स्वतः म्हणते 'मॅडम सिझरच करा, मला त्या खोलीत एकटीला नाही राहायचं'. वेदनेला नाही, एकटेपणाला घाबरून पोट कापून घ्यायला तयार होते.

सिस्टर_कोकण
मी रत्नागिरी जिल्ह्यात सरकारी दवाखान्यात स्टाफ नर्स. आमच्यावरच सगळे चिडतात म्हणून लिहायला कचरत होते. नाइटला मी एकटी, लेबर रूम आणि पोस्टनेटल वॉर्ड दोन्ही माझ्याकडे, एकीला डिलिव्हर करताना दुसरीचे ठोके बघायचे, तिसरीचं रक्त थांबत नाही, रजिस्टर भरायचं, आणि मावशी सुट्टीवर. अशा वेळी आवाज चढतो. चढायला नको, मला माहीत आहे. सोबतीण आत आली तर मला उलट मदतच होते, पाणी पाजते, पाठ चोळते, काही वाटलं तर हाक मारते. आमच्याकडे आता आशाताई किंवा आई थांबते. सुरुवातीला जागा नाही म्हणून मीच कुरकुर केली होती.

तुम्ही इंग्लंडचं बघता, पण 'मदरलँड' बघा कोणीतरी, २०१७ ची, रामोना डियाझ यांची. फिलिपिन्समध्ये मनिलाला फाबेला नावाचं सरकारी प्रसूती हॉस्पिटल आहे, प्रचंड गर्दीचं, तिथली. कोणी निवेदन करत नाही, मुलाखत नाही, नुसता वॉर्ड. एका पलंगावर दोन दोन बायका बाळं घेऊन. ते आमच्यासारखंच दिसतं. पण त्या एकमेकींना सांभाळतात, एकमेकींच्या बाळाला बघतात, हसतात पण किती! आणि कमी दिवसांच्या बाळांना काचेच्या पेटीऐवजी आईच्या छातीवर ताणलेल्या पट्ट्यात बांधून ठेवतात, कांगारूसारखं, ते बोगोटाच्या डॉक्टरांनी ७० च्या दशकाच्या शेवटी सुरू केलेलं. आम्हीही करतो. आमच्या वॉर्डात एक किलो तीनशेचं बाळ होतं, आई रात्री झोपली की बाळ निसटेल म्हणून घाबरायची, तर तिच्या सासूने आपली नऊवारी फाडून दोघांना मिळून गुंडाळलं आणि स्वतः पलंगाशेजारी बसून राहिली. एकवीस दिवस. माझ्या हातात कॅमेरा असता तर मी ते घेतलं असतं.

अभिजित_पी
सिस्टर, तुमची पोस्ट बायकोला वाचून दाखवली. ती म्हणाली आपल्याकडच्या वॉर्डावर अशी डॉक्युमेंटरी झाली पाहिजे. मी म्हटलं संमती. ती म्हणाली विचारा की मग, नीट, आधी, शांतपणे, एडिटटेबल म्हणतायत तसं. माझं मत पूर्ण बदललं नाहीये पण हललंय.

सायली_रे
सगळ्यांचे मनापासून आभार. तीन आठवडे लिहिलं नाही कारण इथेच नाशिकला आलेय.

मी सहा भाग आधी बघून एक निवडला, ज्यात दुसरी खेप होती आणि काही धावपळ नव्हती. दुपारी आई, बहीण आणि मी, लॅपटॉप पलंगावर. आईला इंग्रजी कळत नाही, तिला गरजही पडली नाही. मिडवाइफ बाईच्या कपाळावर ओला कपडा ठेवते तिथे बहिणीने थांबव म्हटलं. मग परत लाव म्हटलं. असं तीनदा. रडली नाही. मला म्हणाली, 'ताई, ती विचारून हात लावतेय.' मग बराच वेळ काही बोलली नाही आणि नंतर वही मागितली.

वहीत तिने चार गोष्टी लिहिल्या: आई आत हवी. तपासताना सांगा कोण तपासतंय आणि किती उघडलंय. ड्रिपमध्ये काही घातलं तर आधी मला सांगा. कळा हळू असतील तर चालू द्या. ती वही घेऊन आम्ही डॉक्टरांकडे गेलो, या वेळी हॉस्पिटल वेगळं आहे. डॉक्टर तरुण आहेत, त्यांनी चारही वाचलं. पहिल्या तिन्हीला लगेच हो म्हणाले. चौथ्याला म्हणाले, बाळाचे ठोके चांगले आहेत तोवर नक्की, बिघडले तर मी थांबणार नाही, पण कारण सांगेन. बहिणीला तेवढं पुरलं. काल रात्री सलग सहा तास झोपली.

सिस्टर, तुम्हालाच विचारते. आई कालपासून तयारीला लागलीये, मुसाफिरनी लिहिलेलं दाबायचं बहिणीच्या पाठीवर करून बघतेय. तिचा प्रश्न आहे की आत काय काय नेलं तर चालतं, आणि थर्मास नेऊ देतील का?

सिस्टर_कोकण
थर्मास चालेल. त्यात साखर घातलेलं लिंबूपाणी किंवा पेज न्या, पण प्यायला द्यायच्या आधी तिथल्या सिस्टरला विचारा, सिझरची शक्यता असेल तर बंद करतात. आईंना सांगा बांगड्या काढून या, नखं कापा, केस बांधा, पायात आतली वेगळी चप्पल देतील. आणि आईंनी पोटभर जेवून यावं. सोबतिणी उपाशी येतात आणि चक्कर येऊन पडतात, मग मला दोघींना बघावं लागतं. लुगड्याचे तुकडे उन्हात कडक वाळवून, इस्त्री करून, स्वच्छ पिशवीत. झालं की इथे कळवा.